ग्रीक बेटांवरचं ‘पारंपरिक’ संगीत नक्की कुठून आलं?

ग्रीक नाच म्हटलं की बहुतेकांना खांद्यावर हात टाकून हळू सुरू होणारा आणि मग सुसाट सुटणारा नाच आठवतो. तो सिर्ताकी, आणि तो १९६४ च्या ‘झोर्बा द ग्रीक’ सिनेमासाठी बसवलेला. सिनेमा क्रीट बेटावर घडतो म्हणून टुरिस्ट तो तिथलाच समजतात, पण क्रीटचे स्वतःचे नाच वेगळे, पेंतोझाली, सुस्ता वगैरे.

बेटांवरची जुनी वाद्यं म्हणजे लिरा आणि त्साबुना. लिरा तीन तारांची, गुडघ्यावर उभी धरतात आणि सारंगीसारखी नखाच्या बाजूने तार दाबत वाजवतात. त्साबुना म्हणजे बकरीच्या कातड्याची पिशवी फुगवून वाजवायचं वाद्य, मेंढपाळांचं. मग व्हायोलिन आलं. क्रीटवर १६६९ पर्यंत व्हेनिसचं राज्य, बाकी एजियन बेटांवरही इटालियन लोकांची ये-जा, त्यामुळे बंदरं असलेल्या बेटांवर व्हायोलिन आणि जोडीला लाऊतो, म्हणजे तारा छेडून वाजवायचं लांब मानेचं वाद्य, हीच मुख्य जोडी झाली आणि त्साबुना डोंगराकडच्या गावांत मागे राहिली. समोरच्या तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर स्मिर्ना, आजचं इझमीर, तिथे बेटांवरचे लोक कामाला जायचे, येताना चाली आणायचे, आणि १९२२ नंतर तर आशिया मायनरमधून, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातून, लाखो निर्वासितच आले, त्यांच्याबरोबर सांतुरी, म्हणजे आपल्या संतूरसारखं वाद्य, आणि शहरी गाणं.

कालिम्नोसची गोष्ट मात्र वेगळीच. हे स्पंज काढणाऱ्यांचं बेट, १८६० च्या दशकात डायव्हिंग सूट आला आणि लोक आधीपेक्षा खोल आणि जास्त वेळ खाली राहायला लागले, वर पटकन यायचे आणि अंगात नायट्रोजनचे बुडबुडे होऊन कायमचे लुळे व्हायचे, किती तरी मेले. तिथल्या मिहानिकोस नाचात पुढचा नाचणारा काठी टेकत, थरथरत्या पायांनी तोच पाणबुड्या दाखवतो. मला तरी बेटांवरच्या सगळ्या नाचांत हा सगळ्यात भारी वाटतो.

आता वाद. क्रीटच्या पश्चिमेला, किसामोस भागात, पिढ्यानपिढ्या व्हायोलिनच वाजतं. पण १९५५ मध्ये सिमोन कारास, जे रेडिओवर लोकसंगीत विभाग बघायचे, त्यांनी क्रीटच्या संगीतात व्हायोलिन नको असं ठरवलं, खरं वाद्य लिरा म्हणून. म्हणजे शतकं तिथे वाजणारं वाद्य एका ऑफिसातल्या निर्णयाने परकं! रेडिओवर लिराच ऐकू यायला लागली, स्कोर्दालोस, मुंडाकिस हे लिरावाले घराघरात पोचले आणि आज क्रीट म्हणजे लिरा हे समीकरण इतकं पक्कं आहे त्यात त्या निर्णयाचाही हात आहे.

बाकी बेटांवर ‘पारंपरिक’ काय हे ठरवायचं काम रेकॉर्डवाल्यांनी केलं. नाक्सोसच्या किनिदारोस गावच्या कोनितोपुलोस कुटुंबाने अथेन्समध्ये रेकॉर्डिंग्ज केली, तिथे राहायला गेलेल्या बेटवाल्यांना घरची आठवण यायची त्यामुळे ती जोरात खपली, आणि आता उन्हाळ्यातल्या जत्रेत, म्हणजे पानियिरीत, अँप्लिफायर लावून बहुतेक तेच वाजतं. त्साबुना तर जुनाट म्हणून लोक जवळपास विसरलेच होते, पण गेल्या वीसेक वर्षांत तरुण पोरं ती परत शिकायला लागलीत.