दोन दहाव्या: मोहरमचा आशुरा आणि यहुद्यांचा योम किप्पूर

सांगली जिल्ह्यातल्या कडेगावला मोहरमच्या दहाव्या दिवशी ताबुतांच्या भेटी होतात. त्या दिवशी आमच्या भागातली निम्मी माणसं तिकडंच असतात. हिंदूंचे मान ठरलेले, मुसलमानांचे ठरलेले, आणि उंच ताबूत हलत हलत एकमेकांच्या जवळ येतात तेव्हा गर्दी श्वास धरून उभी राहते. आमचे आजोबा मोहरमला फकीर व्हायचे. दहा दिवस गळ्यात लाल-हिरवा दोरा आणि पायात चप्पल नाही. त्यामुळं मोहरम हा आमच्या घरचा सण आहे, असंच मी लहानपणापासून धरून चाललो.

पण शेजारच्या चाची ताबूत बघायला यायच्या नाहीत. त्यांचा रोजा असायचा. एक नाही, दोन. नववीचा आणि दहावीचा. एकदा मी विचारलं, की दहावीला एवढं महत्त्व आहे तर नववी कशाला? चाची म्हणाल्या, "दहावी एकटी धरायची नाही बाळा. यहुदी लोकांची एकच असती. आपली वेगळी दिसाय पायजे."

आमच्या गावात यहुद्यांचं एकही घर नव्हतं. चाचींनी जन्मात यहुदी माणूस पाहिलेला नव्हता. तरी त्यांचा नववीचा उपवास चौदाशे वर्षांपूर्वीच्या एका यहुदी शेजाऱ्यामुळं होता. हे मला तेव्हा कळलं नाही. पुढं वाचत गेलो तसं कळत गेलं. म्हणूनच कुणी "आशुरा म्हणजे यहुद्यांचा योम किप्पूरच की" असं म्हणालं, किंवा "दोघांचा काही संबंध नाही" असं म्हणालं, की दोन्ही वेळा मला राहवत नाही.

आधी साम्य बघू, कारण ते खरंच दाट आहे. यहुद्यांचं नवं वर्ष तिश्री महिन्याच्या पहिल्या दिवशी सुरू होतं आणि दहाव्या दिवशी योम किप्पूर, म्हणजे प्रायश्चित्ताचा दिवस येतो. मुसलमानांचं नवं वर्ष मोहरमच्या पहिल्या दिवशी सुरू होतं आणि दहाव्या दिवशी आशुरा. दोन्हीकडं वर्ष लागून दहाव्या दिवशी उपवास. नावातही तोच आकडा आहे. तोरेत, म्हणजे यहुद्यांच्या धर्मग्रंथात, या दिवसाला महिन्याचा 'असोर', म्हणजे दहावा म्हटलंय, आणि अरबीतला 'आशुरा' त्याच 'दहा'च्या धातूतून आलेला. उपवासाला हिब्रूत 'त्सोम', अरबीत 'सौम'. दोन्ही धर्मांत दिवस सूर्यास्ताला सुरू होतो. आपली तिथी आपण सूर्योदयाला धरतो, म्हणून आपल्याला 'कत्तलची रात' ही नववीची रात्र वाटते. त्यांच्या हिशोबानं ती दहावीचीच असते.

हदीसमध्ये, म्हणजे पैगंबरांच्या वचनांच्या आणि वागण्याच्या नोंदींमध्ये, प्रसंग असा येतो. पैगंबर इ.स. 622 मध्ये मक्केहून मदिनेला आले. तिथं यहुद्यांच्या मोठ्या वस्त्या होत्या. ते आशुराला उपवास करताना दिसले. कशासाठी, असं विचारलं तेव्हा ते म्हणाले, या दिवशी देवानं मूसाला (मोझेसला) आणि इस्राएलच्या लोकांना मिसरचा, म्हणजे इजिप्तचा, राजा फिरऔन याच्यापासून सोडवलं. पैगंबर म्हणाले, मूसावर आमचा हक्क तुमच्याहून जास्त आहे. त्यांनी स्वतः उपवास धरला आणि इतरांनाही धरायला सांगितला.

बारकाईनं वाचणारा इथं अडखळतो. यहुदी परंपरेत मिसरमधून सुटकेचा सण वसंतात येतो. त्याचं नाव पेसाह, आणि त्यात उपवास नसतो, बेखमीर भाकरी असते. दहाव्या तिश्रीचा उपवास सुटकेचा नाही, पापांच्या क्षमेचा आहे. मूसाचा या दिवशी संबंध आहे खरा, पण निराळा: लोकांनी सोन्याच्या वासराची पूजा केल्यावर मूसानं फोडलेल्या, देवाच्या आज्ञांच्या पाट्यांच्या जागी दुसऱ्या पाट्या घेऊन मूसा याच दिवशी डोंगरावरून खाली उतरला, म्हणजे देवानं क्षमा केली, असं रब्बी, म्हणजे यहुदी धर्मपंडित, सांगतात. मग हदीसमधली सुटकेची गोष्ट आली कुठून? यावर अभ्यासकांत वाद आहेत. मला त्याहून मोलाची वाटते ती दुसरी एक हदीस. तिच्यात पैगंबर म्हणतात, आशुराच्या रोज्यानं मागच्या वर्षाची पापं झडतील अशी मला अल्लाहकडून आशा आहे. म्हणजे उपवासाचं कारण मूसाच्या सुटकेचं सांगितलं गेलं, तरी फळ मात्र प्रायश्चित्ताचंच राहिलं. योम किप्पूरचा गाभा तिथं जसाच्या तसा जिवंत दिसतो.

एवढ्यावरून सगळं यहुद्यांकडूनच आलं असं म्हणू नये. पैगंबरांच्या पत्नी आयेशा यांच्या नावे सांगितलेल्या हदीसमध्ये मक्केतले कुरैश टोळीचे लोकसुद्धा इस्लामच्या आधीपासून आशुराला उपवास करत आणि त्या दिवशी काबाला नवं वस्त्र चढवत, असं येतं. म्हणजे या दिवसाला अरबांच्या जुन्या रीतीचीही मुळं आहेत.

दोन वर्षांत चित्र बदललं. हिजरी 2 मध्ये, म्हणजे इ.स. 624 मध्ये, रमजानचे रोजे फर्ज, म्हणजे सक्तीचे, झाले आणि आशुरा ऐच्छिक राहिला. त्याच सुमाराला नमाजाची दिशाही फिरली. मदिनेत आल्यावर सोळा-सतरा महिने मुसलमान जेरुसलेमकडं तोंड करून नमाज पढत होते, मग ते मक्केकडं वळले. यहुदी आजही जेरुसलेमकडंच तोंड करतात. पुढं आयुष्याच्या अखेरीला पैगंबरांना कुणी तरी म्हणालं, की या दिवसाला यहुदी मान देतात. ते म्हणाले, पुढच्या वर्षी जगलो तर नववीचाही धरीन. पुढचं वर्ष त्यांनी पाहिलं नाही. चाचींची नववी ही त्या वाक्यातून आलेली आहे.

आता फरक. सगळ्यात मोठा फरक पंचांगात आहे, आणि तो मराठी माणसाला जितका पटकन समजतो तितका क्वचितच कुणाला समजत असेल. आपल्याकडं अधिक मास आहे. चांद्र वर्ष 354 दिवसांचं, सौर वर्षाहून अकरा दिवस कमी. ती तूट आपण साधारण दर तिसऱ्या वर्षी एक महिना वाढवून भरतो. यहुदीही तेच करतात. त्यांच्या 19 वर्षांच्या चक्रात सात वेळा अदार महिना दोनदा येतो. का? पेसाह वसंतातच आला पाहिजे अशी तोरेची आज्ञा आहे म्हणून. इस्लामनं मात्र महिना पुढं-मागं करायला मनाई केली. कुराणाच्या नवव्या सूरेत, म्हणजे अध्यायात, ते स्पष्ट आहे. म्हणून मोहरम दरवर्षी दहा-अकरा दिवस आधी येतो आणि साधारण 33 वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो. आजोबा फकीर व्हायचे तेव्हा काही वर्षं मोहरम थंडीत आला होता, आणि अनवाणी पायांना पहाटे गार फरशी झोंबायची, ते मला आठवतं. आता तो पावसात येतोय: 2022 ला आशुरा 9 ऑगस्टला होता, 2024 ला 17 जुलैला, 2025 ला 6 जुलैला.

योम किप्पूर मात्र सप्टेंबर-ऑक्टोबर सोडत नाही. तो बऱ्याचदा आपल्या दसऱ्याच्या दिवशीच येतो. 2022 ला दोन्ही 5 ऑक्टोबरला होते, 2024 ला 12 ऑक्टोबरला, 2025 ला 2 ऑक्टोबरला. यात दैवी योग काही नाही. आश्विन चैत्रापासून सातवा आणि तिश्री निसानपासून सातवा, दोन्ही महिने एकाच अमावास्येनंतर सुरू होतात, मग दोघांची दशमी एकच पडणार. 2023 ला मात्र जुळलं नाही: आपला अधिक श्रावण त्या वर्षी आला, म्हणून दसरा 24 ऑक्टोबरला गेला. त्यांचा जादा अदार दुसऱ्या वर्षी आला, म्हणून योम किप्पूर 25 सप्टेंबरलाच उरकला. पुढच्या वर्षी पुन्हा सारखं. पंचांगाच्या बाबतीत यहुदी आपल्या जास्त जवळचे आहेत, आणि मदिनेत एकाच दिवसापाशी भेटलेले ते दोन उपवास आज महिना-महिना लांब पडतात ते या एका अधिक मासामुळं.

दुसरा फरक उपवासाच्या लांबीचा. रोजा पहाटेपासून सूर्यास्तापर्यंत. योम किप्पूरचा उपवास सूर्यास्ताच्या आधी सुरू होऊन दुसऱ्या दिवशी तारे दिसेपर्यंत, सुमारे 25 तास. त्यात अन्नपाण्याबरोबर अंघोळ, तेल-अत्तर, चामड्याची पादत्राणं आणि पती-पत्नीचा संबंध हेही वर्ज्य. यहुद्यांचे बाकीचे काही लहान उपवास मात्र रोज्यासारखे पहाटेपासूनच असतात.

ही पहाट ठरवायची कशी, इथं दोघांचं बोलणं इतकं जवळ येतं की मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बसलो होतो. मिश्ना हा यहुदी कायद्याचा ग्रंथ इ.स. 200 च्या सुमारास संकलित झाला. त्याच्या सुरुवातीलाच प्रश्न आहे: सकाळचा शेमा (यहुद्यांची रोजची प्रार्थना) कधीपासून म्हणावा? उत्तर: निळ्या आणि पांढऱ्यातला फरक ओळखू येऊ लागला की. कुराणाच्या दुसऱ्या सूरेत रोज्याबद्दल म्हटलंय: पहाटेचा पांढरा धागा काळ्या धाग्यापासून वेगळा दिसेपर्यंत खा, प्या. अदी नावाच्या एका साथीदारानं हे शब्दशः घेतलं. उशीखाली काळा आणि पांढरा असे दोन दोर ठेवले आणि रात्रभर बघत राहिला. पैगंबरांनी त्याला समजावलं, की काळा म्हणजे रात्रीचा अंधार आणि पांढरा म्हणजे दिवसाचा उजेड. आमच्या चाची सहेरीला उठून मागचं दार उघडून उभ्या राहतात, घड्याळ असूनसुद्धा. त्या काय बघतात ते मला आता कळतं.

तिसरी गोष्ट शोकाची. आज आशुरा म्हटलं की मूसा कुणाला आठवत नाही, करबला आठवते. हिजरी 61 च्या दहाव्या मोहरमला, 10 ऑक्टोबर 680 रोजी, पैगंबरांचे नातू हुसेन करबलाच्या मैदानात मारले गेले. तेव्हापासून या दिवसावर दुसराच थर चढला. सुन्नी चाची रोजा धरतात. शिया मंडळी पूर्ण रोजा न धरता दुपार उलटेपर्यंत अन्नपाणी टाळून शोक करतात. आमच्याकडचे पंजे, सवाऱ्या, ताबूत, पाण्याचं आणि सरबताचं वाटप, हे सगळं करबलेचं आहे. योम किप्पूरमध्ये असा कुणाच्या मरणाचा शोक नाही. त्याची जोडी शोधायचीच तर यहुद्यांच्या आव महिन्याच्या नववीशी जुळेल, जेरुसलेमचं मंदिर पाडल्याच्या दुःखाचा दिवस. तोही 25 तासांचा उपवास.

आणि त्या दिवसाला मराठीत नाव आहे: बिरड्याचा सण. कोकणातले मराठी बोलणारे यहुदी, म्हणजे बेने इस्राएल, ज्यांना शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून शनवार तेली म्हणत, त्यांनी दिलेलं. त्यांच्या मराठीत योम किप्पूर म्हणजे दारफाळणीचा सण. दारं लावून, पांढरी वस्त्रं नेसून, कुणालाही न शिवता दिवस काढायचा. उपवासाला त्यांचा शब्द रोजा. प्रार्थनास्थळाला शब्द मशीद. मुंबईत 1796 मध्ये सॅम्युएल दिवेकरांनी बांधलेली शाआर हारहामीम त्यांच्या बोलण्यात जुनी मशीद आहे. 'रोजा' मूळचा फारसी 'रोज'वरून, म्हणजे दिवसाचा उपवास. तो शब्द रात्रीसकट पाळायच्या उपवासाला बसला, याचं कुणाला वावगं वाटलं नाही. मलिदाही तसाच. आमच्याकडं पिराला चपाती कुस्करून गूळ-तूप घातलेला मलिदा. त्यांच्याकडं एलियाहू हनाबी या यहुदी पैगंबराच्या नावानं भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर, वेलची आणि फळं. नाव एक आणि ताटं दोन.

देवाणघेवाण फक्त यहुद्यांकडून मुसलमानांकडं झाली असं समजणं चूक आहे. उलट दिशेनं आलेलं कमी नाही. मैमोनिदेस (1138–1204) हा यहुद्यांचा सगळ्यात मोठा तत्त्ववेत्ता आपला मुख्य तात्त्विक ग्रंथ अरबीत लिहितो, फक्त लिपी हिब्रू. त्याचा मुलगा अब्राहम (1186–1237) कैरोत यहुद्यांचा प्रमुख होता. त्यानं प्रार्थनेत रांगेत बसणं, आधी पाय धुणं, जमिनीला कपाळ टेकणं सुरू करायचा प्रयत्न केला. मुसलमानांची नक्कल करतो असा आरोप झाला तेव्हा त्याचं म्हणणं होतं, की ही आपल्याच यहुदी पैगंबरांची जुनी रीत, सूफींनी ती जपली, आपण विसरलो. ते सगळीकडं रुजलं नाही. पण आजही वर्षातल्या ज्या मोजक्या प्रार्थनांत यहुदी गुडघे टेकून पार जमिनीपर्यंत वाकतो, त्यात योम किप्पूरची आहे.

नववीची एक गोष्ट राहिली. तल्मूद या यहुदी धर्मचर्चेच्या ग्रंथात एक वचन आहे, की जो नववीला खातो-पितो त्याला नववी आणि दहावी दोन्ही दिवस उपवास केल्याचं पुण्य. म्हणून योम किप्पूरच्या आदल्या दिवशी यहुदी घरात मुद्दाम भरपेट जेवतात. तेच त्या दिवसाचं कर्तव्य. हे मी चाचींना सांगितलं. त्या भाकरी थापत होत्या. हात थांबवून म्हणाल्या, "मग नववी त्यास्नी पण हाय म्हण की." आणि भाकरी तव्यावर टाकली.