डॉली अहलुवालिया : कपडेपटातून पडद्यावर

२०१२ साली ‘विकी डोनर’ प्रदर्शित झाला आणि दिल्लीच्या लजपतनगरमध्ये ब्यूटी पार्लर चालवणारी, रात्री सासूच्या सोबतीने मद्याचा पेला भरणारी विधवा आई प्रेक्षकांच्या लक्षात राहिली. ही भूमिका करणाऱ्या डॉली अहलुवालिया यांचा चेहरा अनेकांना नवा वाटला असला, तरी त्यांचे काम हिंदी चित्रपटात जवळपास दोन दशके दिसत होते. ते इतरांच्या अंगावर होते, इतकेच.

त्या दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या विद्यार्थिनी. १९५९ साली स्थापन झालेल्या या संस्थेच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमात अभिनयाबरोबरच नेपथ्य, प्रकाशयोजना आणि वेशभूषा यांचेही शिक्षण मिळते. इब्राहिम अल्काझी संचालक असताना (१९६२–७७) तेथील नाटकांची वेशभूषा रोशन अल्काझी करीत, आणि त्यामागे प्राचीन भारतीय पोशाखाचा त्यांचा स्वतःचा अभ्यास होता. अहलुवालिया यांची जडणघडण समजून घेताना ही परंपरा ध्यानात घ्यावी लागते, कारण रंगभूमीवरील वेशभूषेसाठीच त्यांना २००१ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार मिळाला.

चित्रपटात त्यांचे नाव झाले ते डाकू फूलनदेवीच्या जीवनावरील, शेखर कपूर यांच्या ‘बँडिट क्वीन’मुळे (१९९४). हे काम दिसते त्याहून अवघड होते. १९८३ साली भिंड येथे शस्त्रे खाली ठेवणाऱ्या फूलनदेवीची छायाचित्रे देशभर छापली गेली होती आणि खाकी पोशाख व कपाळावरची लाल पट्टी लोकांच्या डोळ्यांसमोर पक्की होती. त्यामुळे त्या ओळखीच्या रूपापर्यंत, बालविवाह झालेल्या खेड्यातल्या पोरीपासून पायरीपायरीने, प्रेक्षकाला पटेल असे पोहोचायचे होते. त्रेचाळिसाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सीमा बिस्वास यांना अभिनयाचा आणि अहलुवालिया यांना वेशभूषेचा पुरस्कार मिळाला. वेशभूषेसाठी ऑस्कर मिळवणाऱ्या कोल्हापूरच्या भानू अथैया यांच्यामुळे या कलेकडे देशाचे लक्ष गेले होते खरे, पण चित्रपट पाहताना वेशभूषाकाराचे नाव वाचणारे तेव्हाही थोडेच होते, आणि आजही फारसे वाढलेले नाहीत.

दीपा मेहता यांच्या ‘वॉटर’मध्ये (२००५) विधवांच्या पांढऱ्या वस्त्रांतून माणसे वेगळी दाखवायची होती. विशाल भारद्वाज यांच्या ‘ओंकारा’त (२००६) तर शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’ या मूळ नाटकातील हातरुमालाची जागा कमरपट्ट्याने घेतली, म्हणजे संशयाचे सारे कथानक एका दागिन्याभोवती फिरले. या चित्रपटासाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. पुढे ‘भाग मिल्खा भाग’साठीही मिळाला.

‘विकी डोनर’ने त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला, जो त्या वर्षी मल्याळी अभिनेत्री कल्पना यांच्यासह विभागून देण्यात आला. त्यानंतरही कपडेपट सुटला नाही. १९९५ च्या काश्मीरमध्ये घडणाऱ्या ‘हैदर’च्या (२०१४) वेशभूषेसाठी त्यांना पुन्हा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.