खोट्या दाव्याची किंमत तीन हजार

दिवाणी न्यायालयात कुणी जाणूनबुजून खोटा दावा लावला किंवा खोटी कैफियत (दाव्याला प्रतिवादीचं लेखी उत्तर) दिली, आणि ते उघड झालं, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३५-अ प्रमाणे समोरच्याला भरपाई मिळू शकते. जास्तीत जास्त ३,००० रुपये. दहा-पंधरा वर्षं तारखांना हेलपाटे घातलेल्या माणसाला एवढीच रक्कम देणारा कायदा अन्यायाचा आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

आपल्याकडचा जुना दंडक असा नव्हता. देणं नाकारलं आणि ते शाबीत झालं, तर देणेकऱ्याने मूळ रक्कम तर द्यावीच, शिवाय तेवढीच राजालाही भरावी; खोटी फिर्याद करणाऱ्याने मागितलेल्या रकमेच्या दुप्पट भरावं, असं याज्ञवल्क्यस्मृती सांगते. प्रत्यक्षात हे किती पाळलं जाई हा प्रश्न वेगळा, पण दंड दाव्याच्या रकमेला बांधलेला होता. मराठेशाहीत हरणाऱ्याकडून ‘गुन्हेगारी’ म्हणजे दंड घेत, जिंकणाऱ्याकडूनही ‘हरकी’ म्हणजे जिंकल्याबद्दलची रक्कम घेत, आणि निवाडा पाळण्याबद्दल जामीन लिहून घेत.

आजची संहिता १९०८ ची. प्रक्रियेचा दुरुपयोग रोखण्याचा न्यायालयाचा अंगभूत अधिकार तिच्या कलम १५१ मध्ये मान्य केलेला आहे. कलम ३५-अ १९२२ मध्ये आलं, तेव्हा मर्यादा १,००० रुपये होती. १९७६ च्या दुरुस्तीने ती ३,००० केली आणि तिथेच सोडून दिली. महागाईमुळे ही तरतूद निष्प्रभ झाली आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सांगूनही आकडा हललेला नाही.

दावे लावण्याची खोडच लागलेल्यांसाठी महाराष्ट्राने १९७१ मध्ये वेगळा कायदा केला. ॲडव्होकेट जनरलच्या (राज्य सरकारच्या प्रमुख वकिलाच्या) अर्जावरून उच्च न्यायालय अशा व्यक्तीला परवानगीशिवाय नवा दावा लावण्यास मनाई करू शकतं. मद्रासचा असाच कायदा १९४९ चा. देशभरासाठी तो करावा, ही विधी आयोगाची २००५ ची शिफारस.

न्यायालयांच्या भाषेला धार आली ती १९९३ च्या चेंगलवराय नायडू प्रकरणात. एका सावकाराच्या कारकुनाने मालकासाठी लिलावात मालमत्ता घेतली आणि नंतर मालकाच्या नावे नोंदणीकृत सोडपत्रही (हक्क सोडल्याचा दस्त) करून दिलं. पुढे तेच सोडपत्र दडवून त्याने स्वतःसाठी वाटपाचा दावा लावला आणि प्राथमिक हुकूमनामा (हिस्से ठरवणारा न्यायालयाचा पहिला निकाल) मिळवला. लबाडी उघडकीला आली तेव्हा मद्रास उच्च न्यायालयाने म्हटलं, की खरी बाजू घेऊनच न्यायालयात यावं असं कायदेशीर बंधन वादीवर नाही! सर्वोच्च न्यायालयाने हे साफ खोडून काढलं. फसवणुकीने मिळवलेला हुकूमनामा मुळातच शून्य असतो आणि त्याला कोणत्याही न्यायालयात आव्हान देता येतं, हे तेव्हापासून पक्कं झालं. पुढे २०१२ मध्ये, गोव्यातल्या एका घरावरून बहीण-भावात चाललेल्या वादात, सत्य शोधणं हेच न्यायाधीशाचं काम आहे, असं त्याच न्यायालयाने बजावलं. घर सांभाळायला दिलेल्या माणसाला कितीही वर्षांच्या वास्तव्याने मालकी हक्क मिळत नाही, हेही त्यातच ठरलं.

दरम्यान २००२ पासून दावा आणि कैफियत यांना प्रतिज्ञापत्र जोडणं सक्तीचं झालं. म्हणजे खोटं लिहिणारा आता शपथेवर खोटं लिहितो, आणि न्यायालयीन कामात खोटा पुरावा देण्याला सात वर्षांपर्यंत कैद आहे. पण त्याची तक्रार नाडलेल्या माणसाला थेट करता येत नाही, ती न्यायालयानेच करावी लागते. सूडापोटी होणाऱ्या खटल्यांना आळा बसावा म्हणून ही तजवीज, आणि ती योग्यच आहे. मात्र त्यासाठी न्यायाधीशाला गरज वाटल्यास प्राथमिक चौकशी करून लेखी तक्रार करावी लागते, आणि आधीच तुंबलेल्या कामात आणखी एक प्रकरण उभं राहतं. १ जुलै २०२४ ला जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी नवी नागरिक सुरक्षा संहिता आली, तरी जुन्या कलम ३४० चं ३७९ होऊन हीच पद्धत कायम राहिली.

व्यापारी वादांपुरती ३,००० ची मर्यादा २०१५ च्या कायद्याने काढून टाकली आहे. शेताच्या बांधासाठी किंवा राहत्या खोलीसाठी लढणाऱ्याला मात्र ती अजून लागू आहे. ती उठवायला कलम ३५-अ चं एक पोटकलम वगळावं लागेल, २०१५ मध्ये वगळलं तसंच.