‘जगणं नकोसं झालंय का?’ हा प्रश्न दवाखान्यात कसा आला

झोप लागत नाही, अंग दुखतं, भूक मेली, अशा तक्रारी घेऊन आलेल्या माणसाला ‘मेलेलं बरं असं वाटतं का?’ हे विचारणं डॉक्टरांनाही जड जातं. आपल्याकडे तर ‘शुभ बोल रे नाऱ्या’चा संस्कार. विचारल्याने नसता विचार डोक्यात भरेल ही धास्ती पाश्चात्त्य डॉक्टरांनाही होती, पण अभ्यासांतून तिला आधार मिळाला नाही.

१९५८ साली लॉस एंजेलिसमध्ये एडविन श्नाइडमन, नॉर्मन फार्बेरो आणि रॉबर्ट लिटमन यांनी आत्महत्या प्रतिबंध केंद्र सुरू केलं. पुढे अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञ ॲरन बेक यांनी १९७४ मध्ये निराशा मोजणारी आणि १९७९ मध्ये आत्महत्येचे विचार मोजणारी मोजपट्टी काढली. आता काहीच चांगलं घडणार नाही, असं वाटणं हे नुसत्या उदासीपेक्षा जास्त धोक्याचं, हे त्यांचं निरीक्षण आजही कामाचं आहे. पण मोजपट्टीबरोबर गुण आले आणि गुणांबरोबर भाकिताचा मोह.

त्या मोहाला पहिला मोठा धक्का ह्यूस्टनमध्ये बसला. तिथल्या माजी सैनिकांच्या रुग्णालयात मानसिक आजारासाठी दाखल झालेल्या ४,८०० जणांची मानसोपचारतज्ज्ञ ॲलेक्स पोकोर्नी यांनी कसून तपासणी केली आणि पुढे काही वर्षं त्यांचा माग ठेवला. १९८३ मध्ये निष्कर्ष छापून आले. ६७ जणांनी आत्महत्या केली होती, पण नेमके कोण करतील हे आधी सांगता येत नव्हतं. याचं कारण साध्या हिशेबात आहे. नव्वद टक्के अचूक चाचणी हाती आहे असं धरा (अशी चाचणी आजही नाही). ती ६७ पैकी ६० जण पकडेल, पण उरलेल्या ४,७३३ पैकी ४७३ जणांवरही धोक्याचा शिक्का मारेल. म्हणजे शिक्का बसलेल्या नऊ जणांमागे खरा एकच. उलट, ‘धोका कमी’ म्हणून घरी पाठवलेल्यांत सात जण असतील, ते वेगळेच.

आणि त्याच १९८३ मध्ये ‘सॅड पर्सन्स’ ही आत्महत्येचा धोका जोखणारी, दहा मुद्द्यांची, पाठ करायला सोपी गुणपद्धती निघाली. ती वर्षानुवर्षं विद्यार्थ्यांना शिकवली गेली. सोपं ते टिकतं! अखेर २०११ साली उपचारांबद्दल मार्गदर्शक सूचना काढणाऱ्या ब्रिटनच्या ‘नाइस’ संस्थेने बजावलं की भाकितासाठी अशा मोजपट्ट्या वापरू नका. २०१७ मध्ये पन्नास वर्षांतले ३६५ अभ्यास एकत्र तपासले गेले, तेव्हा अंदाज नाणेफेकीपेक्षा किंचितच बरे निघाले.

मग विचारायचंच कशाला? विचारल्यावर पुढे काय करता, यावर ते अवलंबून आहे. अमेरिकेतल्या आठ रुग्णालयांच्या तातडीच्या विभागांत १,३७६ रुग्णांवर झालेल्या ‘ईडी-सेफ’ अभ्यासात (२०१७) नुसत्या विचारणीने फरक पडला नाही. विचारणीच्या जोडीला संकटाच्या वेळी काय करायचं, कुणाला हाक मारायची याची लेखी योजना आणि नंतर फोनवरून चौकशी झाली, तेव्हा आत्महत्येच्या प्रयत्नांचं प्रमाण घटलं.

भारतात या प्रश्नाच्या आड कायदा उभा होता. भारतीय दंड संहितेचं कलम ३०९ आत्महत्येचा प्रयत्न हा गुन्हा मानायचं, शिक्षा वर्षभरापर्यंत कैद. खरं उत्तर दिलं तर पोलीस येणार, मग घरचे ‘चुकून झालं’ असंच सांगणार. मुंबई उच्च न्यायालयाने हे कलम १९८६ सालीच घटनाबाह्य ठरवलं होतं. १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तेच म्हटलं, पण १९९६ मध्ये घटनापीठाने कलम पुन्हा वैध ठरवलं. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ च्या कलम ११५ ने, प्रयत्न करणारा तीव्र तणावाखाली होता असं गृहीत धरायला सांगून शिक्षेची भीती बरीच कमी केली. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत ३०९ सारखं सरसकट कलम राहिलं नाही. मात्र सरकारी नोकरावर दबाव आणण्यासाठी केलेला प्रयत्न अजून गुन्हाच आहे.

नोव्हेंबर २०२२ मध्ये देशाचं पहिलं आत्महत्या प्रतिबंध धोरण आलं. २०३० पर्यंत आत्महत्यांमुळे होणारे मृत्यू दहा टक्क्यांनी घटवण्याचं त्यात ठरलं. त्याच्या महिनाभर आधी ‘टेलि-मानस’ ही मानसिक आरोग्यासाठीची सरकारी फोनसेवा सुरू झाली होती. १४४१६ या क्रमांकावर तिथे चोवीस तास, विनाशुल्क आणि मराठीतूनही बोलता येतं.