सेवा नियमित झाली, तरी निवृत्तिवेतनाचे काय? – न्यायालयात जाण्यापूर्वी वाचावे

रोजंदारीवर, हंगामी किंवा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षे शासकीय सेवेत राबलेले जे कर्मचारी आमच्या कार्यालयात येतात, त्यांतील बहुतेकांचा समज असा असतो की सेवा नियमित झाली की निवृत्तिवेतनाचा प्रश्न आपोआप सुटतो. तसे होत नाही. या दोन स्वतंत्र मागण्या आहेत. अर्ज लिहितानाच हे ध्यानात न घेतल्यामुळे जिंकलेल्या प्रकरणातही निवृत्तिवेतन हातचे जाते, याचे आम्हाला मनापासून वाईट वाटते.

समजा, एखादा कर्मचारी १९९४ मध्ये रोजंदारीवर लागला, २००८ मध्ये नियमित झाला आणि २०१७ मध्ये निवृत्त झाला. सेवा नियमित करण्याच्या आदेशात ‘आदेशाच्या दिनांकापासून’ एवढेच शब्द असतील, तर त्याची नियमित सेवा नऊच वर्षे भरते. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ नुसार मासिक निवृत्तिवेतनासाठी अर्हताकारी सेवा, म्हणजे निवृत्तिवेतनासाठी हिशेबात धरली जाणारी सेवा, किमान दहा वर्षे लागते. शिवाय १ नोव्हेंबर २००५ पासून पुढे नियुक्त झालेल्यांना सर्वसाधारणपणे अंशदायी, म्हणजे पगारातून वर्गणी कापली जाणारी, योजनाच लागू होते, त्यामुळे २००८ हेच नेमणुकीचे वर्ष धरले तर आधीची चौदा वर्षे जणू झालीच नाहीत असा हिशेब होतो. म्हणून मूळ नेमणुकीपासून सेवा नियमित करावी, आणि ते मान्य न झाल्यास निदान आधीची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरावी, अशा दोन्ही मागण्या अर्जाच्या शेवटच्या विनंतीत वेगवेगळ्या लिहिल्या पाहिजेत. प्रेम सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश या २०१९ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, पुढे नियमित झालेल्यांची वर्कचार्ज आस्थापनेवरील (म्हणजे ठरावीक कामाच्या खर्चातून पगार मिळणारी) आधीची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरण्यास सांगितले आहे.

विभागाच्या नकारपत्रात बहुधा सर्वोच्च न्यायालयाच्या १० एप्रिल २००६ च्या उमादेवी निकालाचा दाखला असतो. मागल्या दाराने झालेल्या नेमणुका हक्क म्हणून नियमित होत नाहीत, हे त्या घटनापीठाने सांगितले हे खरे. मात्र मंजूर रिक्त पदावर, पात्रता असताना, न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे काम केलेल्यांसाठी एकवेळची तरतूद करण्याचा निर्देशही त्याच निकालात आहे, आणि नकारपत्रात नेमका तोच भाग गाळलेला असतो. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो प्रकरणात केंद्रीय जल आयोगातील सफाई व बागकाम करणाऱ्यांना नियमित करताना, उमादेवी निकालाचा असा सोयीपुरता वापर सर्वोच्च न्यायालयाने अमान्य केला.

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांनी प्रथम महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जायचे असते. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे त्याचे कामकाज चालते. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. मॅटमध्ये विभागाच्या अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत असते, आणि विभागाला दिलेल्या निवेदनाला उत्तरच आले नाही तर सहा महिने थांबून त्यापुढे एक वर्ष मिळते. स्मरणपत्रांमागून स्मरणपत्रे पाठवल्याने ही मुदत वाढत नाही. अनेक चांगली प्रकरणे याच भाबड्या आशेवर बुडाली आहेत. निवृत्तिवेतन दरमहा नाकारले जात असल्याने ती मागणी उशिरानेही ऐकली जाऊ शकते, पण थकबाकी सहसा अर्जापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते.

कागदांपैकी सर्वांत मोलाचा कागद म्हणजे हजेरीपट. त्यातील एखाद-दुसऱ्या दिवसाची कोरी चौकट म्हणजे अनेकदा, सेवा सलग दिसू नये म्हणून दिलेला ‘तांत्रिक खंड’ असतो. त्याच्या आधीच्या आणि नंतरच्या दिवशी त्याच कामावरची सही दिसली, तर तो खंड केवळ कागदोपत्री होता हे दाखवता येते. कार्यालय नक्कल देत नसेल, तर माहिती अधिकारात अर्ज करावा; त्याला तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. जुने हजेरीपट नष्ट होण्याआधी, निवृत्तीची वाट न पाहता, हे काम करावे.

आमचे कार्यालय कागदांची जुळणी करून सेवेचा तारीखवार तक्ता तयार करते. बाजू आपले वकीलच मांडतात. पहिल्या भेटीला नेमणुकीचा आदेश, सेवापुस्तकाची प्रत आणि नकारपत्र आणावे. मूळ कागद कोणाकडेही ठेवू नयेत. आम्हीही ते आपल्यासमोर पाहून त्याच वेळी परत करतो.