एलिशा कुक (धाकटा)

कुक, एलिशा (धाकटा) : (२६ डिसेंबर १९०३ – १८ मे १९९५). अमेरिकन चित्रपटांतील सहायक अभिनेता. १९४० आणि १९५० च्या दशकांतल्या गुन्हेगारीपटांत आतून भेदरलेला, वरून फुशारकी मारणारा बारक्या चणीचा माणूस हवा असला, की हॉलिवूडला बहुधा कुकच आठवे. प्रेक्षकांना चेहरा लगेच ओळखू येई. नाव मात्र फारसे कुणाला सांगता येत नसे.

जन्म सॅन फ्रान्सिस्कोचा. उमेदवारी रंगभूमीवर झाली. १९३३ मध्ये यूजीन ओनीलच्या ‘आह, विल्डरनेस!’ या नाटकात त्याने सतराव्या वर्षात असलेल्या रिचर्डची भूमिका केली, तेव्हा तो स्वतः तिशीला टेकला होता. हे पोरगेलेपण पुढेही टिकले. जॉन ह्यूस्टनच्या ‘द मॉल्टीज फाल्कन’मध्ये (१९४१) तो म्होरक्या गटमनचा पंटर विल्मर झाला. दोन्ही खिशांत पिस्तुले घेऊन तो गुरगुरत हिंडतो. नायक हम्फ्री बोगार्ट त्याचा कोट मागून खाली ओढून हात जखडतो आणि पिस्तुले सहज काढून घेतो. त्या क्षणी विल्मरची कीव येते, हे कुकचे श्रेय.

पडद्यावर मरण्यात तर त्याचा हातखंडा होता. ‘शेन’मध्ये (१९५३) जॅक पॅलन्सची गोळी लागताच तो चिखलात मागे फेकला जातो. दिग्दर्शक जॉर्ज स्टीव्हन्सने त्यासाठी कुकला तारांनी बांधून झटक्यात मागे ओढायला लावले होते. तोवर गोळी लागलेली माणसे पडद्यावर बहुधा जागच्या जागी अलगद कोसळत. पण त्याहून सरस मरण ‘द बिग स्लीप’मधले (१९४६) म्हणावे लागेल. त्यातला हॅरी जोन्स हा किरकोळ माणूस मारेकऱ्याने धमकावले तरी मैत्रिणीचा खरा पत्ता सांगत नाही, खोटाच देतो आणि विषाचा पेला पिऊन मरतो. भूमिका जेमतेम काही मिनिटांची, पण चित्रपटात इतके सरळ इमान दुसऱ्या कुणाकडे नाही. ‘फँटम लेडी’तला (१९४४) बेभान ड्रमवादक आणि स्टॅन्ली क्यूब्रिकच्या ‘द किलिंग’मधला (१९५६) बायकोच्या तालावर नाचणारा, रेसकोर्सवरच्या पैजांच्या खिडकीवरचा कारकून जॉर्ज पीटी याही त्याच्या गाजलेल्या भूमिका.

दोन चित्रपटांच्या मध्ये तो सिएरा नेवाडाच्या डोंगरांत राहून ट्राउट मासे धरत असे. काम निघाले की त्याच्या लाकडी घरापर्यंत माणूस धाडून निरोप द्यावा लागे, अशी आठवण ह्यूस्टनने नोंदवली आहे.

पुढे ‘रोझमेरीज बेबी’ (१९६८) आणि दूरचित्रवाणी मालिका यांतही तो दिसत राहिला. १९८० च्या दशकातल्या ‘मॅग्नम, पी. आय.’ या मालिकेत तो ‘आइस पिक’ झाला : या खेपेस पंटर नव्हे, टोळीचा म्होरक्या.