ग्रंथपाल विकिपीडियाचे विरोधक नाहीत

ग्रंथपाल आणि विकिपीडिया यांचं विळ्या-भोपळ्याचं सख्य, हा समज वर्षानुवर्षं फिरतो आहे आणि तो चुकीचा आहे.

‘संदर्भ म्हणून विकिपीडिया देऊ नका’ असं ग्रंथपाल सांगतात, हे खरं. पण तो सल्ला कुठल्याही ज्ञानकोशाला लागू पडतो: सुरुवात कोशातून करा, आधार मूळ स्रोताचा द्या. खुद्द विकिपीडियाचा नियमही हाच! तिथला एक लेख दुसऱ्या लेखासाठी पुरावा म्हणून चालत नाही.

जानेवारी २०१६ मध्ये, विकिपीडियाला पंधरा वर्षं झाली तेव्हा, ‘एक ग्रंथपाल, एक संदर्भ’ ही मोहीम सुरू झाली. प्रत्येकाने निदान एक संदर्भ जोडायचा, एवढंच मागणं. १९२७ साली स्थापन झालेल्या ‘इफ्ला’ या ग्रंथालयांच्या जागतिक महासंघाच्या परिषदांमध्येही दोन्ही समुदाय एकत्र आले आहेत.

मला सर्वांत मोलाचं वाटतं ते मात्र पडद्याआडचं काम. विकिडेटावर, म्हणजे विकिपीडियाच्या जोडीने चालणाऱ्या खुल्या माहितीसाठ्यात, लेखकांच्या नोंदींना राष्ट्रीय ग्रंथालयांच्या सूचींमधले ओळखक्रमांक जोडलेले असतात. एकाच नावाचे दोन लेखक असले, तरी कुणाचं पुस्तक कुणाच्या नावावर जात नाही, ते ग्रंथपालांनी पिढ्यान्‌पिढ्या चिकाटीने केलेल्या अशा नोंदींमुळे.